‘फ्रँकेन्स्टाइन’ : मूळ ग्रंथ आणि त्याची साधने

(नभोवाणीवरील भाषण)

इसवी सन १८१८ च्या जानेवारीचा पहिला आठवडा माळव्याच्या इतिहासात ठळकपणे नोंदला गेला आहे. २१ डिसेंबर १८१७ रोजी महिदपूरच्या रणांगणावर होळकरांच्या फौजेचा पराभव झाला आणि ६ जानेवारी १८१८ रोजी मंदसोर येथे तह झाला. मल्हारराव होळकर दुसरे हे त्या वेळी केवळ बालवयाचे होते. त्यांच्या वतीने तात्या जोग आणि कंपनी सरकारच्या वतीने सर जॉन माल्कम यांनी बोलणी केली. ह्या तहाने होळकरांचे राज्य कंपनीचे अंकित झाले, दरबारी इंग्रज रेसिडेंट आला आणि राजधानी इंदुरास स्थिर झाली. त्याच आठवड्यात, १ जानेवारी रोजी, लंडनमधील लॅकिंग्टन आणि मंडळींनी लेखकाचे नाव न छापता तीन लहान खंडांची एक कादंबरी विक्रीस काढली. तिच्या प्रती अवघ्या ५०० होत्या. कादंबरीचे नाव ‘फ्रँकेन्स्टाइन, अथवा अर्वाचीन प्रॉमीथिअस’.

ह्या दोन घटनांचा एकमेकींशी संबंध आहे असे त्या दिवशी कोणी म्हटले असते तर लंडनकर आणि इंदूरकर दोघेही हसले असते. आणि ते योग्यच झाले असते. परंतु ह्या कादंबरीची मूळ साधने समोर ठेवून जो वाचावयास बसतो, त्याला तिच्या एका आवृत्तीत हिंदुस्थान भेटतो आणि दुसऱ्या आवृत्तीत भेटत नाही. हे असे का, एवढा एकच प्रश्न मनाशी धरला तरी साधनांचा अभ्यास कशासाठी करावयाचा हे ध्यानी येऊ लागते.

‘फ्रँकेन्स्टाइन’ हे नाव ऐकले नाही असा सुशिक्षित मनुष्य विरळा. पण पुष्कळांचे ज्ञान ऐकीव असते. हे नाव त्या विद्रूप राक्षसाचे आहे, अशी सर्रास समजूत आहे. वास्तविक ते राक्षसाला बनविणाऱ्याचे नाव. आणि तो बनविणारा व्हिक्टर फ्रँकेन्स्टाइन हा डॉक्टरही नव्हे. इंगोलस्टाटच्या विद्यापीठात शिकणारा तो एक विद्यार्थी आहे. आपल्या वृत्तपत्रांतील अग्रलेखांतून ह्या राक्षसाची भस्मासुराशी सांगड घातली जाते. उपमा सोयीची खरी, पण नेमकी नव्हे. भस्मासुराला शंकराने वर दिला आणि तो वरदात्यावरच उलटला. व्हिक्टरने ज्याला घडविले त्याला वर तर राहोच, साधे नावही मिळाले नाही. त्याने डोळे उघडताच त्याचा निर्माता घाबरून खोलीबाहेर पळाला. पुढे तो अभागी जीव एका झोपडीच्या भिंतीतील फटीतून माणसांचे बोलणे ऐकत भाषा शिकतो, मिल्टनचे महाकाव्य वाचतो, आदाम आणि पतित देवदूत ह्या दोघांत आपण कोण असा प्रश्न स्वतःस विचारतो, आणि शेवटी निर्मात्याकडे एक सहचरी मागतो. तीही त्याला मिळत नाही. त्यानंतर तो सूडाने पेटतो. ही कथा कृतघ्नतेची म्हणावी की टाकून दिलेल्या लेकराची, ह्याचा निर्णय अग्रलेखावरून होत नाही; त्याला पुस्तकच उघडावे लागते.

ऐकीव समजुती कोठून आल्या, हेही साधनांवरूनच कळते. जुलै १८२३ मध्ये रिचर्ड ब्रिन्स्ली पीक नावाच्या नाटककाराने लंडनच्या रंगभूमीवर ह्या कादंबरीचे नाटक आणले. जाहिरातीच्या पत्रकात राक्षसाच्या भूमिकेपुढे नावाऐवजी नुसत्या रेघा छापल्या होत्या. लेखिका ते नाटक पाहावयास गेली होती आणि ती रेघांची युक्ती तिला आवडली होती. पण ह्या नाटकात राक्षस मुका होता. १९३१ साली निघालेल्या बोलपटातही बोरिस कार्लॉफने रंगविलेला राक्षस केवळ गुरगुरतो. ज्याच्या मुखी कादंबरीने सर्वांत ओजस्वी भाषण घातले, त्यालाच रंगभूमीने आणि पडद्याने मुके केले, असा हा विचित्र न्याय आहे.

कादंबरीच्या जातीविषयी थोडक्यात सांगावयाचे तर, इंग्रजीत होरेस वॉल्पोल ह्याने १७६४ च्या अखेरीस एक पडक्या किल्ल्याची भयकथा प्रसिद्ध केली आणि दुसऱ्या आवृत्तीत तिला ‘गॉथिक’ हे विशेषण जोडले. तेव्हापासून भुयारे, शापित घराणी, भिंतीवरील हलती चित्रे अशा सामग्रीच्या कादंबऱ्यांना ते नाव पडले. ‘फ्रँकेन्स्टाइन’मध्ये किल्ला नाही, भूतही नाही. किल्ल्याच्या जागी प्रयोगशाळा आणि भुताच्या जागी माणसाने शिवलेला देह, एवढा बदल करून मेरी शेलीने त्या जुन्या जातीला नवे वळण दिले.

मेरीचा जन्म ३० ऑगस्ट १७९७ चा. स्त्रियांच्या हक्कांचा ग्रंथ लिहिणारी मेरी वुल्स्टनक्राफ्ट ही तिची आई, आणि राजकीय तत्त्वज्ञ विल्यम गॉडविन हे वडील. मुलीला जन्म देऊन अकराव्या दिवशी आई वारली. मेरीने सतराव्या वर्षाच्या आतच कवी पर्सी शेलीबरोबर घर सोडले. तिचे पहिले मूल अकाली जन्मून मार्च १८१५ मध्ये गेले. ते मूल मेलेच नव्हते, नुसते गारठले होते, शेकोटीपुढे चोळताच जिवंत झाले, असे स्वप्न पडल्याची नोंद तिने त्याच महिन्यात रोजनिशीत केली आहे. ह्या नोंदीशेजारी कोणत्याही टीकाकाराचे भाष्य ठेवण्याची आवश्यकता नाही.

आता आवृत्त्यांकडे वळू. पहिली १८१८ ची. दुसरी १८२३ ची, गॉडविनने पुढाकार घेऊन काढलेली; तिच्यावर प्रथमच लेखिकेचे नाव आले. तिसरी, बेंटलीच्या ग्रंथमालेतील, ऑक्टोबर १८३१ ची. हिच्यात मेरीने बरेच फेरबदल केले आणि नवी प्रस्तावना जोडली. पुढे शंभराहून अधिक वर्षे जगाने मुख्यतः हीच तिसरी आवृत्ती वाचली. जेम्स रीगर ह्यांनी १९७४ साली पहिल्या आवृत्तीचा पाठ पाठभेदांसह छापला, अॅन मेलर ह्यांनी १९८८ साली त्याच पाठाची बाजू जोराने मांडली आणि १९९० नंतर मॅरिलिन बटलर ह्यांच्या आवृत्तीमुळे तो सामान्य विद्यार्थ्याच्या हाती आला. म्हणजे दोन पिढ्यांतील दोन विद्यार्थी ‘फ्रँकेन्स्टाइन’वर बोलू लागले, तर ते एकाच पुस्तकाविषयी बोलत असतील असा भरवसा नाही.

फरक किती पडतो, ते व्हिक्टरचा मित्र हेन्री क्लर्व्हल ह्याच्यावरून पाहावे. १८१८ च्या पाठात क्लर्व्हल विद्यापीठात येतो तो भाषांच्या आवडीपोटी. ग्रीक व लॅटिन झाल्यावर तो फारसी, अरबी आणि हिब्रू ह्या भाषांकडे वळतो. जिनीव्हास परत गेल्यावर स्वतःचे शिक्षण पुढे चालू ठेवावे, एवढाच त्याचा हेतू. १८३१ च्या पाठात त्या यादीतून हिब्रू, म्हणजे जुन्या कराराची भाषा, नाहीशी होते आणि तिच्या जागी संस्कृत येते. हेतूही पालटतो. आता क्लर्व्हलला पराक्रमासाठी पूर्वेची वाट दिसू लागते. पुढे इंग्लंडात आल्यावर तर स्पष्टच सांगितले आहे की, त्याला हिंदुस्थानात जावयाचे आहे. तेथील भाषांचे आणि समाजाचे ज्ञान युरोपीय वसाहतीच्या व व्यापाराच्या उपयोगी पडेल, असा त्याचा विश्वास आहे. पहिल्या आवृत्तीत हा मजकूर नाही.

एका शब्दाच्या जागी दुसरा शब्द, आणि दोन-तीन वाक्यांची भर, एवढाच हा बदल. पण १८१८ आणि १८३१ ह्यांच्यामध्ये काय घडले हे इंदूरच्या वाचकाला वेगळे सांगावयास नको. मराठ्यांची सत्ता संपली होती. मंदसोरचा तह घडविणाऱ्या माल्कमने १८२३ साली मध्य हिंदुस्थानावरील आपला ग्रंथ लंडनमध्ये प्रसिद्ध केला होता आणि पुढे तो मुंबईचा गव्हर्नरही होऊन गेला होता. फारसी जाणणारा, देशी लोकांचे रीतिरिवाज टिपून ठेवणारा आणि त्या ज्ञानावर राज्यव्यवस्था उभारणारा हा अधिकारी म्हणजे हयात असलेला, यशस्वी झालेला क्लर्व्हलच होता, असे म्हणावयास हरकत नाही. माल्कमचे पुस्तक मेरीने वाचले होते असा दावा येथे करावयाचा नाही. कंपनीच्या सनदेच्या नूतनीकरणाची चौकशी १८३१ साली पार्लमेंटात चालू होती आणि ‘हिंदुस्थानात गोऱ्यांची वसाहत’ हा त्या दिवसांत चर्चेचा विषय होता, एवढे निश्चित.

हा क्लर्व्हल भला माणूस आहे. तो कवितेवर प्रेम करतो, आजारी मित्राची शुश्रूषा करतो. तो हिंदुस्थानात आला असता तर येथील किती मंडळींना आवडलाही असता! म्हणून लेखिका त्याच्या मनसुब्याकडे कौतुकाने पाहते की संशयाने, ह्यावर विद्वानांत मतभेद आहेत. गायत्री चक्रवर्ती स्पिव्हाक ह्यांनी १९८५ च्या आपल्या प्रसिद्ध निबंधात ह्या कादंबरीचा साम्राज्यसत्तेच्या अंगाने विचार केला, आणि तेव्हापासून हा प्रश्न अभ्यासाच्या मध्यभागी आला. इतके मात्र उघड आहे की, व्हिक्टर निसर्गावर स्वामित्व मिळवू पाहतो, कादंबरीच्या प्रारंभी भेटणारा वॉल्टन उत्तर ध्रुवावर, आणि १८३१ नंतर क्लर्व्हल पूर्वेवर. त्यांपैकी क्लर्व्हल हिंदुस्थानास पोहोचतच नाही. राक्षस त्याचा गळा आवळतो आणि त्याचे प्रेत आयर्लंडच्या किनाऱ्यावर सापडते.

दुसरा एक पाठभेद ख्रिस्ती वाचकाच्या मनाला लागणारा आहे. जस्टिन नावाची एक निरपराध मोलकरीण खुनाच्या आरोपावरून फासावर जाते. ती रोमन कॅथलिक आहे. तिचा धर्मगुरू बहिष्काराची आणि नरकाग्नीची भीती घालून तिच्याकडून खोटा कबुलीजबाब काढतो. पापक्षमा मिळावी म्हणून ती खोटे बोलते आणि हेच एक पाप आपल्या माथी आहे म्हणून रडते. पापनिवेदनाच्या संस्काराची ही विटंबना वाचताना कॅथलिक वाचकाला यातना होतात. लेखिकेच्या मनात त्या संप्रदायाविषयी आकस होता, असेही म्हणता येईल. परंतु ह्या प्रसंगाचा १८१८ मधील शेवट पाहावा. तेथे एलिझाबेथ संतापून उठते. एका खुनाचे उत्तर म्हणून दुसरा जीव सावकाश छळून मारणे आणि त्याला न्याय म्हणणे, ह्याचा ती धिक्कार करते. १८३१ मध्ये तिचे हे बोल गळाले आणि त्यांच्या जागी जस्टिनच्या तोंडी ईश्वरेच्छेला शरण जाण्याचा उपदेश आला. भाविकाला दुसरा पाठ गोड वाटेल. पण तुरुंगाच्या त्या कोठडीत, त्या रात्री, पहिल्या पाठातील एलिझाबेथच अधिक खरी वाटते. ईश्वरेच्छा आणि न्यायाधीशांची चूक ह्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

ग्रंथाच्या जन्मकथेतही साधने परस्परांशी भांडतात. १८३१ च्या प्रस्तावनेत मेरीने सांगितलेली हकीकत सर्वश्रुत आहे. १८१६ चा उन्हाळा, जिनीव्हाच्या सरोवराकाठी लॉर्ड बायरनचा बंगला, बाहेर संततधार पाऊस, आत जर्मन भुतांच्या गोष्टींचे फ्रेंच भाषांतर. प्रत्येकाने एकेक भुताची गोष्ट लिहावी असा बायरनचा प्रस्ताव. इतरांनी आरंभ केला, पण मेरीला काही सुचेना. रोज सकाळी ‘सुचले का?’ असा प्रश्न, आणि रोज नकारार्थी उत्तर. शेवटी एका रात्री अर्धवट झोपेत तिला ते भयानक दृश्य दिसले.

तो उन्हाळा थंड का होता, हे आता माहीत आहे. एप्रिल १८१५ मध्ये सुंबावा बेटावरील तांबोरा ज्वालामुखीचा स्फोट झाला आणि पुढील वर्षी युरोपात उन्हाळा असा उगवलाच नाही. आपल्याकडील पाऊसमानही त्यामुळे बिघडले आणि १८१७ च्या पटकीच्या साथीला तेच कारण झाले, असा काही अभ्यासकांचा तर्क आहे. पेंढाऱ्यांवर चालून निघालेल्या गव्हर्नर जनरलच्या छावणीत त्याच साथीने नोव्हेंबर १८१७ मध्ये बुंदेलखंडात हाहाकार उडविला होता. हे थोडे विषयांतर झाले.

तर मेरीची हकीकत लिहिली गेली पंधरा वर्षांनंतर. तिची त्या दिवसांतील रोजनिशी पडताळून पाहावी, तर मे १८१५ पासून जुलै १८१६ पर्यंतची वहीच हरवलेली आहे. बंगल्यात बायरनचा तरुण डॉक्टर पॉलिडोरी होता. त्याची रोजनिशी आहे. १७ जूनच्या नोंदीत तो म्हणतो की, आपल्याखेरीज सर्वांनी गोष्टी लिहावयास घेतल्या आहेत. मग मेरीचे ते रोजचे नकार कोठे गेले? पण पॉलिडोरीच्या साक्षीवरही डोळे मिटून विसंबता येत नाही. त्याच्या बहिणीने रोजनिशीतील अनुचित वाटलेला मजकूर गाळून नक्कल केली आणि मूळ वही नष्ट केली. १९११ साली प्रसिद्ध झाली ती ह्या नकलेवरून. दोन साक्षीदार, एकाची स्मृती जुनी आणि दुसऱ्याच्या कागदाला कात्री लागलेली!

हा तंटा सोडवावयास अखेर चंद्र धावून आला. प्रस्तावनेत मेरी म्हणते की, त्या रात्री बंद झडपांतून चांदणे आत येत होते. टेक्ससमधील डोनाल्ड ऑल्सन आणि त्यांचे सहकारी ह्यांनी त्या ठिकाणी जाऊन डोंगराचा उतार मोजला, १८१६ च्या जूनमधील चंद्राची स्थिती गणिताने काढली आणि २०११ साली निष्कर्ष प्रसिद्ध केला की, १६ जूनच्या पहाटे दोन ते तीनच्या दरम्यान त्या खिडकीवर चांदणे पडू शकत होते. ह्या हिशेबाने मेरीची आठवण खोटी ठरत नाही. फार तर नकाराचे दिवस तिच्या स्मरणात लांबले असतील. ग्रंथशोधनास ज्योतिर्गणिताचे असे साहाय्य मिळाल्याचे दाखले थोडे आहेत.

सर्वांत कडू वाद लेखकत्वाचा. पहिल्या आवृत्तीवर नाव नव्हते आणि तिची प्रस्तावना पर्सीने लिहिली होती. सर वॉल्टर स्कॉटने १८१८ च्या मार्चमध्ये परीक्षण लिहिताना पुस्तक पर्सीचेच समजले. अठरा-एकोणीस वर्षांच्या मुलीला हे साधेल काय, असा संशय तेव्हापासून चालत आला. २००७ साली एका लेखकाने तर पर्सीच खरा कर्ता असे सांगणारा संपूर्ण ग्रंथ लिहिला. ह्याला उत्तर हस्तलिखितात आहे. मेरीच्या मसुद्याच्या वह्या ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयात आहेत. चार्ल्स रॉबिन्सन ह्यांनी १९९६ साली त्या वह्यांची छायाचित्रे आणि ओळीनुसार पाठ प्रसिद्ध केला. त्यांचा हिशेब असा की, सुमारे ७२,००० शब्दांच्या ह्या कादंबरीत पर्सीच्या हातचे शब्द निदान चार ते पाच हजार आहेत. बाकी मेरीचे.

त्या वह्यांतील दुरुस्त्या पाहण्यासारख्या आहेत. राक्षसाचे अवयव आपण सुबक निवडले, अशा अर्थाचा साधा शब्द मेरीने लिहिला होता. पर्सीने तो खोडून ‘सुंदर’ ह्या अर्थाचा शब्द घातला, आणि त्यामुळे पुढचा व्हिक्टरचा आक्रोश धारदार झाला. ही सुधारणा खरीच. पण अनेक ठिकाणी मेरीच्या सरळ वाक्याला त्याने जडजंबाल लॅटिन शब्दांची झूल चढविली आहे, ती नसती तर बरे झाले असते. एके जागी मेरीने बेकनचा उल्लेख करताना लॉर्ड चॅन्सलर बेकन असे लिहिले. पर्सीने समासात तिला लाडक्या नावाने हाक मारून बजावले की, नव्हे, हा दारूचा शोध लावणारा फ्रायर बेकन! ज्याच्यावर चोरीचा आरोप करावयाचा किंवा ज्याला कर्तृत्व बहाल करावयाचे, तो पुरुष येथे घरातल्या घरात शुद्धलेखन तपासणाऱ्या नवऱ्यासारखा दिसतो.

इंदूरसारख्या शहरातील विद्यार्थ्याला पूर्वी ह्यांतले काय उपलब्ध होते? परीक्षेपुरते गाइड, त्यातील कथासार आणि कधी १८३१ च्या पाठाची एखादी स्वस्त आवृत्ती. आपण कोणता पाठ वाचतो आहोत हेही तीवर छापलेले नसे. आता ती सबब उरलेली नाही. न्यूयॉर्कचे सार्वजनिक ग्रंथालय, मेरीलँड विद्यापीठ आणि बॉडलियन ह्यांच्या सहकार्याने २०१३ सालच्या ऑक्टोबरअखेर ह्या वह्यांची पाने संगणकावर सर्वांस विनामूल्य खुली झाली. मेरीचे अक्षर कोणते आणि पर्सीचे कोणते, हे तेथे वेगवेगळे करून दाखविलेले आहे. बेटी बेनेट ह्यांनी १९८० ते १९८८ ह्या काळात संपादिलेली तीन खंडांतील पत्रे आणि १९८७ साली प्रसिद्ध झालेली फेल्डमन व स्कॉट-किल्व्हर्ट ह्यांच्या संपादनातील रोजनिशी ही दोन साधने त्यांच्या जोडीला घ्यावी. चरित्रे त्यानंतर. म्यूरिएल स्पार्क ह्यांचे १९५१ चे चरित्र जुने झाले असले तरी वाचावयास सर्वांत प्रसन्न आहे; स्पार्क पुढे कॅथलिक झाल्या, हे जाता जाता. विद्यार्थ्याने पुस्तक हाती घेताच प्रथम त्याचे पहिले पान उलटून पाठ कोणत्या सालचा ते पाहावे, आणि ते लिहिलेले नसेल तर क्लर्व्हल कोणत्या भाषा शिकतो ते पान शोधावे. हिब्रू असेल तर १८१८, संस्कृत असेल तर १८३१.

क्लर्व्हलच्या मनात हिंदुस्थान कोठून शिरला असावा, ह्याविषयी आणखी एक कागद विचारात घेण्याजोगा आहे. पर्सी शेलीचा मित्र टॉमस लव्ह पीकॉक हा १८१९ पासून लंडनमध्ये ईस्ट इंडिया कंपनीच्या कचेरीत नोकरीस होता. १८२१ साली, इटलीत असताना, पर्सीने त्याच्याकडे इच्छा प्रकट केली की, आपल्याला हिंदुस्थानात एखाद्या देशी राजाच्या दरबारी राजकीय काम मिळाले तर हवे आहे. ‘क्वीन मॅब’ लिहिणारा हा बंडखोर कवी एखाद्या होळकरी वा शिंदेशाही दरबारात कंपनीचा वकील म्हणून बसलेला डोळ्यांसमोर आणणे कठीण आहे. पीकॉकने त्याला कळविले की, असली कामे कंपनीच्या कायम नोकरांसाठीच राखून ठेवलेली असतात; बाहेरच्याला ती मिळत नाहीत. बेत तेथेच राहिला. ८ जुलै १८२२ रोजी पर्सी समुद्रात बुडाला. नऊ वर्षांनी मेरीने जुनी कादंबरी दुरुस्तीस घेतली, तेव्हा क्लर्व्हलच्या भाषांतून हिब्रू खोडून तिने संस्कृत लिहिले.